डहाणूची सोळा वर्षे : न्यायालयाचा आदेश आणि शासनाचे पालन

शहाण्याने कोर्टाची पायरी चढू नये, अशी आपल्याकडे जुनी म्हण आहे. ज्यांनी ती रूढ केली त्यांच्या डोळ्यांसमोर भाऊबंदकीचे, बांधाचे आणि वाटणीचे दावे असावेत. दोन भावांनी वकिलाचे घर भरण्यापेक्षा आपापसांत मिटवावे, हा त्या म्हणीतला व्यवहार खराच आहे. परंतु अन्याय करणारा जेव्हा सख्खा भाऊ नसून खुद्द शासन असते, तेव्हा सामान्य माणसाला ती पायरी चढण्यावाचून गत्यंतर नसते. तो ती चढतो, वर्षानुवर्षे तारखा मोजतो, आणि एके दिवशी निकाल त्याच्या बाजूने लागतो. गावात पेढे वाटले जातात. पुढे सहा महिने जातात, वर्ष जाते आणि निकालाची प्रत कचेरीतल्या फायलीत निवांत झोपी गेल्याचे ध्यानात येते. अशा वेळी त्या माणसाने काय करावे?

या प्रश्नाचे उत्तर कायद्याच्या पुस्तकात एका शब्दात दिलेले आहे : अवमान. इतिहासाने दिलेले उत्तर मात्र अधिक लांबलचक आणि अधिक बोधप्रद आहे. ते शोधण्यासाठी फार दूर जाण्याचे कारण नाही. आपल्या उत्तरेला, वैतरणेपलीकडे, डहाणू आणि तलासरी हे दोन तालुके आहेत. १ ऑगस्ट २०१४ पर्यंत ते ठाणे जिल्ह्यात होते, त्या दिवसापासून ते पालघर जिल्ह्यात आले. न्यायालयाचा आदेश आणि शासनाचे पालन यांतील अंतर किती असू शकते, आणि ते कोणत्या उपायांनी कापले जाते, याचा धडा या दोन तालुक्यांइतका स्पष्ट क्वचितच कोठे सापडेल.

बेअदबी कोणाची?

'कोर्टाची बेअदबी' म्हटले की न्यायाधीशांना अपशब्द बोलणे, कोर्टात आरडाओरडा करणे, निकालावर वर्तमानपत्रात आगपाखड करणे, असे चित्र मनात उभे राहते. हा अवमानाचा एक प्रकार झाला. त्याला फौजदारी स्वरूपाचा अवमान म्हणतात. १९७१ च्या न्यायालय अवमान अधिनियमात दुसराही एक प्रकार सांगितला आहे, तो म्हणजे दिवाणी स्वरूपाचा. न्यायालयाचा निकाल, आदेश वा निर्देश जाणूनबुजून न पाळणे, किंवा न्यायालयाला दिलेली हमी जाणूनबुजून मोडणे, हा तो अवमान होय. त्यात कोणी कोणाला शिवी दिलेली नसते. बहुधा सारे अतिशय अदबीने चाललेले असते. सरकारी वकील लवून नमस्कार करतात, मुदतवाढ मागतात, आणि आदेश तसाच राहतो.

यासाठी शिक्षा सहा महिन्यांपर्यंत साधी कैद, किंवा दोन हजार रुपयांपर्यंत दंड, अथवा दोन्ही. मनापासून माफी मागितल्यास न्यायालय शिक्षा माफ करू शकते. उच्च न्यायालयांना हा अधिकार घटनेच्या अनुच्छेद २१५ ने आणि सर्वोच्च न्यायालयाला अनुच्छेद १२९ ने दिलेला आहे. कायद्यातील कळीचा शब्द 'जाणूनबुजून' हा आहे. शासनाचा बचाव नेहमी तेथेच उभा राहतो : निधी नव्हता, अधिकारी बदलून गेले, दुसऱ्या खात्याचा अभिप्राय आला नाही, अपील दाखल केले आहे. (अपील दाखल केले म्हणजे आदेशाला स्थगिती मिळाली असे होत नाही, ही साधी गोष्ट पुष्कळ कचेऱ्या सोयीस्करपणे विसरतात.) प्रत्यक्षात अवमानाचे बहुसंख्य अर्ज शिक्षेपर्यंत पोहोचतच नाहीत. अधिकाऱ्याच्या नावाने नोटीस निघाली की वर्षभर न हललेली फाईल आठवडाभरात धावू लागते. अधिकारी माफी मागतो, पालनाचे प्रतिज्ञापत्र सादर होते, प्रकरण संपते. अवमानाचा खरा उपयोग तुरुंग भरण्यासाठी नसून झोपलेल्याला जागे करण्यासाठी आहे.

येथे अवमान होतो तो न्यायाधीशांच्या व्यक्तिगत प्रतिष्ठेचा नव्हे. ज्याने न्यायालयावर विश्वास ठेवला त्या दारी उभ्या असलेल्या माणसाचा तो अवमान असतो. डहाणूचा इतिहास वाचताना हे सूत्र हाती ठेवावे.

कायदा आधीही होता

डहाणू-तलासरीच्या वारली समाजाला कागदावरचा न्याय आणि अंगणातला न्याय यांतील फरक फार पूर्वीपासून ठाऊक आहे. जमीनदार व जंगल ठेकेदार यांच्याकडे वेठ राबणे, लग्नासाठी घेतलेल्या कर्जापायी नवरा-बायकोने सावकाराचे 'लग्नगडी' होऊन आयुष्य घालविणे, या प्रथांचे वर्णन सरकारी अधिकारी सिमिंग्टन यांनी आपल्या अहवालात केले. तो १९३९ साली प्रसिद्धही झाला. अहवालाने वेठ थांबली नाही. ती थांबली १९४५ च्या उठावाने. त्या वर्षीच्या मे महिन्यात तेव्हाच्या उंबरगाव तालुक्यातील झरी या गावी हजारो वारली जमले आणि यापुढे वेठ नाही, असा निर्धार त्यांनी केला. शामराव आणि गोदावरी परुळेकर या दांपत्याचे नाव या लढ्याशी कायमचे जोडले गेले आहे. ऑक्टोबरात तलवाडा येथे पोलिसांनी गोळीबार केला आणि जेठ्या गांगड व त्यांचे सहकारी त्यात प्राणास मुकले.

हा इतिहास येथे सांगण्याचे कारण असे की, पुढे जेव्हा याच भागातली माणसे मोर्चाबरोबर न्यायालयाचाही मार्ग धरू लागली, तेव्हा केवळ कागदाने काही होत नाही, कागदामागे उभे राहणारे लोक लागतात, ही जाण त्यांच्यापाशी वारशाने आलेली होती.

१९९१ : एक निकाल, एक अधिसूचना

१९८० च्या दशकाच्या अखेरीस मुंबईला वीज पुरविणाऱ्या बी.एस.ई.एस. कंपनीने डहाणूच्या खाडीकाठी ५०० मेगावॉटचे कोळशावर चालणारे औष्णिक वीज केंद्र उभारण्याचे ठरविले. चिकूच्या बागा, भातशेती, खाडीतली मासेमारी आणि पूर्वेकडचे जंगल यांवर जगणाऱ्या तालुक्यात हे केंद्र यावयाचे होते. केंद्र सरकारने १९८९ साली पर्यावरणविषयक मंजुरी दिली ती काही अटींवर. त्यांतली एक अट मोलाची होती. कोळशात गंधक असते. तो जळाला की गंधकाचा वायू होऊन धुराड्यातून बाहेर पडतो, आणि माणसाच्या छातीला तसाच झाडाच्या मोहोराला घातक ठरतो. म्हणून धुरातील गंधक काढून घेणारे यंत्र केंद्रात बसवावे, अशी ती अट होती.

मंजुरीविरुद्ध डहाणूतील नागरिकांचा पर्यावरण संरक्षण गट न्यायालयात गेला. १९ मार्च १९९१ रोजी सर्वोच्च न्यायालयाने निकाल दिला. केंद्राला मनाई करण्यास न्यायालयाने नकार दिला. वरकरणी नागरिक हरले. परंतु त्याच निकालात न्यायालयाने एक दार उघडे ठेवले : गंधक काढण्याच्या यंत्राची अट, गरज आणि परिणाम यांचा पूर्ण विचार केल्याशिवाय शिथिल करू नये. हरलेल्या खटल्यातले हे एक वाक्य पुढची सोळा वर्षे डहाणूकरांनी उराशी जपले.

त्याच वर्षी २० जून रोजी केंद्रीय पर्यावरण मंत्रालयाने दुसरा कागद काढला. डहाणू तालुका पर्यावरणदृष्ट्या नाजूक क्षेत्र म्हणून घोषित झाला. उद्योगांसाठी तालुक्यात जास्तीत जास्त ५०० एकर जागा, घातक उद्योगांना पूर्ण बंदी, आणि मूळ अधिसूचनेनुसार तालुक्याच्या सीमेभोवती २५ किलोमीटरचा उद्योगमुक्त पट्टा. शेजारच्या तलासरीचा मुलूख साहजिकच या पट्ट्यात आला. राज्य शासनाने एका वर्षात तालुक्याचा विकास आराखडा तयार करावा, असेही त्यात सांगितले होते.

वर्ष उलटले, पण आराखडा जागेवर आला नाही. १९९५ साली वीज केंद्राचे दोन्ही संच सुरू झाले. २७५ मीटर उंचीचे धुराडे मैलोगणती दुरून दिसू लागले. गंधक काढणारे यंत्र मात्र कोठेच दिसेना.

न्यायालयाने पहारेकरी नेमला

'सँक्च्युअरी' मासिकाचे संपादक बिट्टू सहगल यांनी १९९४ साली सर्वोच्च न्यायालयात याचिका दाखल केली. मागणी नव्या कायद्याची नव्हती. शासनाने स्वतःच काढलेली अधिसूचना शासनाने पाळावी, एवढीच ती मागणी होती. न्यायालयाने नागपूरच्या राष्ट्रीय पर्यावरण अभियांत्रिकी संशोधन संस्थेकडून, म्हणजे 'नीरी'कडून, अहवाल मागविले आणि ३१ ऑक्टोबर १९९६ रोजी अंतिम आदेश दिला. अधिसूचना आणि नीरीच्या शिफारशी यांची अंमलबजावणी झालीच पाहिजे, असे त्यात बजावले.

अशा आदेशांनंतर बहुधा काय घडते हे न्यायमूर्तींना ठाऊक असावे. शासन पाळत नाही, याचिकाकर्ता अवमानाचा अर्ज करतो, शासन मुदत मागते, पुन्हा पाळत नाही, पुन्हा अर्ज. दिल्ली डहाणूपासून हजार किलोमीटरांहून दूर, आणि चिकूच्या बागाइतदाराला वा खाडीतल्या मच्छीमाराला दर महिन्याला दिल्लीची गाडी पकडता येत नाही. म्हणून न्यायालयाने नुसता आदेश देऊन प्रकरण मिटविले नाही. आदेश पाळला जातो की नाही हे पाहण्यासाठी स्थानिक पातळीवर एक कायम प्राधिकरण नेमावे, त्याचे अध्यक्षपद उच्च न्यायालयाच्या निवृत्त न्यायमूर्तींकडे असावे, आणि पर्यावरण संरक्षण कायद्याच्या कलम ५ खालील निर्देश देण्याचे अधिकार त्याला असावेत, असे सांगितले. उद्योग बंद करणे, त्याचे पाणी वा वीज तोडणे, इतपत जाणारे हे अधिकार आहेत. प्राधिकरण नेमण्यासाठी केंद्र सरकारला २० डिसेंबर १९९६ पूर्वीची मुदत दिली होती. केंद्र सरकारने ते नेमले १९ डिसेंबरला! शेवटच्या दिवशी का होईना, मुदत पाळली गेली. मुदतीत तारीख लिहिलेली असली म्हणजे काय होते, हे येथे दिसते.

अध्यक्ष झाले न्यायमूर्ती चंद्रशेखर धर्माधिकारी. सर्वोदयी विचारवंत दादा धर्माधिकारी यांचे ते सुपुत्र, आणि स्वतः स्वातंत्र्यलढ्यात उतरलेले. २०१९ च्या जानेवारीत त्यांचे निधन झाले. तोवर दोन दशकांहून अधिक काळ डहाणूच्या पहाऱ्याशी त्यांचे नाव जोडलेले राहिले. या प्राधिकरणापुढे येण्यास बड्या वकिलाची गरज नव्हती. बागाइतदार, मच्छीमार, आदिवासी कार्यकर्ते आपले म्हणणे मांडू शकत, आणि कंपनीच्या अधिकाऱ्यांना त्यांच्यासमोर उत्तर द्यावे लागे.

यंत्र बसेपर्यंत

१२ मे १९९९ रोजी प्राधिकरणाने वीज कंपनीला गंधक काढण्याचे यंत्र बसविण्याचा आदेश दिला. आदेश झाला म्हणजे काम झाले, असे मात्र झाले नाही. कंपनीने आदेशाला आव्हान दिले. आम्ही कमी गंधकाचा कोळसा वापरतो, हवा मर्यादेच्या आत स्वच्छ आहे, यंत्राची आवश्यकता नाही, असा युक्तिवाद होत राहिला. चिकूचे उत्पादन घटते आहे, मोहोर गळतो आहे, असे बागाइतदार सांगत राहिले. दरम्यान २००३ साली कंपनीची मालकी रिलायन्सकडे गेली. मालक बदलला की जुनी जबाबदारी जुन्या पाटीबरोबर उतरते, असे कोणाला वाटले असेल तर प्राधिकरणाने तसे होऊ दिले नाही. यंत्र बसविण्याबद्दलची कंपनीची तयारी शब्दांवर न तोलता प्राधिकरणाने तिच्याकडून ३०० कोटी रुपयांची बँक हमी मागितली. गावच्या सावकाराच्या भाषेत याला तारण म्हणतात. गरिबाकडून तारण मागण्याची रीत जुनीच आहे. बलवानाकडून मागण्याचा प्रसंग विरळा.

अखेर २००७ साली यंत्र सुरू झाले. समुद्राच्या पाण्याने धूर धुऊन त्यातला गंधक काढणारी ती रचना आहे. प्राधिकरणाच्या आदेशापासून आठ वर्षे, सर्वोच्च न्यायालयाच्या त्या वाक्यापासून सोळा वर्षे. २०१८ साली वीज केंद्र पुन्हा हस्तांतरित होऊन अदानी समूहाकडे गेले, आणि अट त्याच्याबरोबर गेली.

या सोळा वर्षांत जन्मलेले मूल दहावी पार करून गेले. याला यश म्हणावे की उशीर? माझ्या मते दोन्ही म्हणावे. परंतु त्याहून महत्त्वाचे हे की, आदेश जिवंत राहिला तो कोणाला तुरुंगात पाठविल्यामुळे नव्हे. आदेशाला जवळ राहणारा पहारेकरी मिळाला, आणि त्या पहारेकऱ्याकडे पुन्हा पुन्हा जाणारी माणसे होती, म्हणून तो जिवंत राहिला. १९८० च्या दशकाच्या शेवटापासून 'हरित वसई'च्या लढ्यात उतरलेल्या आपल्या वाचकांना हे वेगळे समजावून सांगण्याची गरज नाही.

मंत्र्याला कैद

याचा अर्थ अवमानाचे हत्यार बोथट आहे, असा कोणी घेऊ नये. ते केव्हा म्यानातून निघाले याची उदाहरणे इतिहासात आहेत. १९९२ साली अयोध्येत उत्तर प्रदेशचे तेव्हाचे मुख्यमंत्री कल्याण सिंह यांच्या सरकारने न्यायालयाला दिलेली हमी पाळली नाही, म्हणून १९९४ साली सर्वोच्च न्यायालयाने त्यांना एक दिवसाची प्रतीकात्मक कैद आणि दोन हजार रुपये दंड ठोठावला. १९९५ साली कर्नाटकाच्या एका सचिवाला एक महिन्याची कैद झाली. इंग्लंडात तर प्रश्न याहून मूलभूत होता : राजसत्तेचा मंत्री न्यायालयाचा अवमान करू शकतो काय? झैर देशातून आश्रयाला आलेल्या एका शिक्षकाला १९९१ साली परत धाडले गेले. त्याला माघारी आणा, असे न्यायाधीशांनी सांगितले, पण गृहमंत्री केनेथ बेकर यांनी त्याला आणणे थांबविले. १९९३ साली हाउस ऑफ लॉर्ड्सने निर्णय दिला की मंत्रीही अवमानाला उत्तरदायी आहे.

आपल्या महाराष्ट्रातील प्रकरण जंगलाचे आहे, म्हणून डहाणू-तलासरीशी त्याचा जवळचा संबंध पोहोचतो. निलांबूरचे गोदावर्मन तिरुमलपाद यांनी निलगिरीतील जंगलतोडीविरुद्ध १९९५ साली याचिका दाखल केली. तिचा व्याप वाढत देशभरच्या जंगलांपर्यंत गेला. ४ मार्च १९९७ रोजी सर्वोच्च न्यायालयाने महाराष्ट्रातील विनापरवाना लाकूड-गिरण्या व प्लायवूडचे कारखाने बंद करण्याचा आणि न्यायालयाच्या संमतीशिवाय परवानगीची अट शिथिल न करण्याचा आदेश दिला. तरीही पुढे राज्याच्या वन खात्याने काही कारखान्यांना परवानगी दिली. १० मे २००६ रोजी न्यायालयाने तत्कालीन वनमंत्री सुरूपसिंग नाईक आणि वन खात्याचे प्रधान सचिव अशोक खोत या दोघांना प्रत्येकी एक महिन्याची कैद सुनावली. नाईक तेव्हा परिवहनमंत्री होते. नवापूरचे हे ज्येष्ठ आदिवासी नेते तुरुंगात गेले, परंतु कैदेचे बहुतेक दिवस त्यांनी मुंबईच्या जे. जे. रुग्णालयात काढले, आणि त्यांच्या आजाराच्या नोंदी माहिती अधिकारात द्याव्यात की नाही हा वाद २००७ साली मुंबई उच्च न्यायालयापर्यंत गेला.

या शिक्षेने सचिवालयात किती खळबळ उडाली असेल याची कल्पना वाचकांनी करावी. आदेशाची प्रत वाचल्याशिवाय सही करू नये, हा धडा त्या दिवशी अनेकांनी घेतला असेल. डोक्यावर मोळी घेऊन जाणाऱ्या बाईला वनरक्षकाने हटकले की तिला कायदा लगेच लागू होतो. मोठ्या खुर्चीला तो लागू व्हावयास नऊ वर्षे लागली. तरीही तो लागू झाला, हे नोंदवून ठेवले पाहिजे.

पुरावा कोणाचा ग्राह्य?

तलासरी आणि डहाणूच्या पाड्यांवरचा आणखी एक खटला येथे आठवतो. या भागात वनजमिनीवर पिढ्यान्‌पिढ्या नागली-वरई पिकविणारी कुटुंबे आहेत. कोणाकडे एकसाली प्लॉटचा जुना कागद, कोणाकडे वनखात्याने केलेल्या दंडाची पावती, आणि पुष्कळांकडे काहीच नाही. ३१ मार्च १९७८ पर्यंतची अतिक्रमणे नियमित करण्याचा निर्णय महाराष्ट्र शासनाने डिसेंबर १९७८ मध्ये घेतला. निर्णय झाला, अंमल रखडला. १९७० च्या दशकाच्या अखेरीस येशूसंघातून आलेल्या तरुणांच्या पुढाकाराने येथे कष्टकरी संघटना उभी राहिली. तिचे एक संस्थापक प्रदीप प्रभू यांच्या नावाने १९८६ साली सर्वोच्च न्यायालयात याचिका गेली. ७ मार्च १९९५ च्या आदेशाने दाव्यांची रीतसर चौकशी व्हावी असे ठरले, आणि कागद नसलेल्या माणसाचाही पुरावा ऐकून घ्यावा, ही भूमिका या खटल्यातून बळावली. ऑक्टोबर २००२ मध्ये राज्य शासनाने गावपातळीवरील समित्यांमार्फत दावे तपासण्याची पद्धत ठरविली. पुढे २००६ च्या वनहक्क कायद्याच्या नियमांत गावातल्या वडीलधाऱ्यांचे लेखी घेतलेले निवेदन हा पुरावा मानला गेला. साताबारा नसलेल्या म्हाताऱ्याच्या तोंडचा शब्द ग्राह्य ठरावयास अशी वर्षे लागली.

आम्हांला सेमिनरीत शिकविताना संत थॉमस अॅक्वायनस यांच्या कायद्याच्या व्याख्येतील एका घटकावर शिक्षक विशेष भर देत : कायदा जाहीर झालेला असला पाहिजे. ज्याच्यासाठी तो आहे त्याच्या कानी तो गेला पाहिजे. दिल्लीच्या राजपत्रात छापलेला आणि पाड्यावर न पोहोचलेला आदेश हा या कसोटीवर अर्धाच आदेश ठरतो.

आणि न्यायालयाचा प्रत्येक आदेश गरिबाच्या बाजूचाच असतो, असेही समजू नये. १३ फेब्रुवारी २०१९ रोजी सर्वोच्च न्यायालयाने, वनहक्काचे दावे फेटाळले गेलेल्यांना जमिनीवरून हटविण्याचे निर्देश राज्यांना दिले. देशभर आक्रोश झाला आणि २८ फेब्रुवारीला त्याला स्थगिती मिळाली. आदेशपालनाचा आग्रह धरणाऱ्यांनी ही दुसरी बाजूही ध्यानात ठेवावी. दावे नीट तपासले गेले होते काय, हा प्रश्न पालनाच्या आधी येतो.

आदेश मोडणे आणि आदेशाखालची जमीन सरकणे

डहाणूच्या कथेचा शेवटचा अध्याय वाढवणचा. येथे मोठे बंदर बांधण्याचा प्रस्ताव १९९० च्या दशकात प्रथम आला. १९ सप्टेंबर १९९८ रोजी धर्माधिकारी प्राधिकरणाने, नाजूक क्षेत्रात असे बंदर बेकायदेशीर ठरेल, असा निर्णय दिला. मच्छीमारांनी सुटकेचा निःश्वास टाकला. २०१५ नंतर प्रस्ताव पुन्हा उभा राहिला. २०२० साली केंद्रीय प्रदूषण नियंत्रण मंडळाने बंदरांचे वर्गीकरणच बदलले. ती घातक उद्योगांच्या यादीतून बाहेर पडली. ३१ जुलै २०२३ रोजी त्याच प्राधिकरणाने, धर्माधिकारी यांच्या पश्चात, अटींसह बंदराला संमती दिली. १८ एप्रिल २०२४ रोजी मुंबई उच्च न्यायालयाने त्याविरुद्धच्या याचिका फेटाळल्या. जूनमध्ये केंद्रीय मंत्रिमंडळाने ७६,२२० कोटी रुपयांच्या प्रकल्पाला मंजुरी दिली आणि ३० ऑगस्ट २०२४ रोजी पंतप्रधानांच्या हस्ते पायाभरणी झाली.

बंदर हवे की नको, याविषयी आपल्या वाचकांत मतभेद असतील. रोजगाराची आशा धरणारे आहेत आणि दर्याच्या काळजीने रात्र जागविणारेही आहेत. या लेखाचा मुद्दा वेगळा आहे. येथे शासनाने कोणताही आदेश मोडलेला नाही, म्हणून अवमानाचा प्रश्नच उद्भवत नाही. ज्या नियमांवर १९९८ चा आदेश उभा होता ते नियमच बदलले. आदेश मोडणाऱ्याला न्यायालय जाब विचारू शकते. आदेशाखालची जमीन कायद्याच्या मार्गाने सरकविणाऱ्याला विचारावयाचा जाब वेगळ्या ठिकाणी, म्हणजे जनसुनावणीत, विधिमंडळात, संसदेत आणि मतपेटीपाशी विचारावा लागतो. जो समाज केवळ न्यायालयावर विसंबून घरी बसतो, त्याला हा फरक उशिरा कळतो.

आपण काय करावे?

न्यायालयेही आता अवमानाबाबत सावध झाली आहेत. अधिकाऱ्यांना ऊठसूट समक्ष हजर राहण्याचे फर्मान काढू नये, अशी कार्यपद्धती सर्वोच्च न्यायालयाने जानेवारी २०२४ मध्ये घालून दिली. तेव्हा जागे राहण्याचा भार अधिकच नागरिकांवर आला आहे. धर्मग्रामातल्या ज्या कुटुंबाला, सोसायटीला, मच्छीमार संस्थेला वा गावसमितीला शासनाविरुद्ध निकाल मिळाला असेल, त्यांच्यासाठी डहाणूच्या अनुभवातून निघणारे काही साधे नियम येथे लिहून ठेवतो.

निकालाची सही-शिक्क्याची नक्कल लगेच काढावी आणि ती संबंधित अधिकाऱ्याच्या कचेरीत देऊन आवक क्रमांकासह पोच घ्यावी. 'आदेश आम्हांला मिळालाच नाही' हा शासनाचा सर्वांत सोपा बचाव आहे. आदेशात मुदत लिहून मागावी. २० डिसेंबर ही तारीख लिहिली होती म्हणून १९ डिसेंबरला काम झाले. मुदत संपताच लेखी स्मरणपत्र द्यावे, आणि माहिती अधिकारात फाईल कोठे आहे हे विचारावे. अवमानाचा अर्ज आदेशभंगापासून एका वर्षाच्या आत करावा लागतो, हे कोणी विसरू नये. या एका वर्षाच्या अटीने कित्येक खरे अर्ज बाद होतात. आणि सर्वांत महत्त्वाचे म्हणजे हे सारे एका माणसाच्या खांद्यावर टाकू नये. डहाणूत एकाने कंटाळून सोडले तर दुसऱ्याने हाती घेतले, म्हणून सोळा वर्षे निभावली.

चर्चच्या कपाटात बाप्तिस्म्याची आणि लग्नाची वही आपण पिढ्यान्‌पिढ्या जपतो. त्याच शिस्तीने गावाला मिळालेल्या आदेशांची एक वही ठेवावी : आदेश कोणता, तारीख कोणती, मुदत कधीची, पोच कोणाकडे. दर तीन महिन्यांनी ती उघडून वाचावी, आणि ज्या ओळीपुढे 'पालन झाले' असे लिहिता येत नाही, तिच्यासाठी दोन माणसांनी त्या आठवड्यात तालुक्याला जाऊन यावे.